भांडी घासणारीच्या तोंडची भाषा

तो संपादक आठवला की अजून माझं डोकं सणकतं. ठाण्यातलं ऑफिस, फर्स्ट क्लास चहा, आणि माणूस इतका गोडबोल्या की त्याने माझ्या गळ्यावर सुरी फिरवली तरी मी थँक्यू म्हणाले असते. म्हणालेच, खरं तर.

मी मुलांसाठी कादंबरी लिहिलेली. त्यातली जादू भाषेची होती. कांडी नाही, अंगारा नाही, नुसते शब्द. त्या जादूचे नियम होते. कुठल्याही वस्तूला हुकूम सोडायचा नाही, आवतण द्यायचं. हाक मारायची ती नात्याने मारायची, म्हणजे पाणी बहीण, वारा भाऊ, चूल थोरली जाऊ. आणि एकदा सुरुवात केली की शेवटपर्यंत म्हणायचं. मध्येच थांबलात तर निघालेलं सगळं अर्ध्या वाटेवरून माघारी जाणार.

हे मी काही आकाशातून आणलेलं नाही. कळव्याला माझी आत्या राहते, ती धवलारीण. आमच्या आगरी लग्नांत धवलारीण गाऊन लग्न लावते. हळद, तांदूळ, गावदेवी, घरातली गेलेली माणसं, एकेकाला नाव घेऊन मांडवात बोलावते. त्या गाण्यांना धवले म्हणतात. आता लग्नं हॉलमध्ये, खाली दुसरी वरात ताटकळत उभी, तिथे आत्याला कोण गाऊ देतं. तिच्या पोरी धवले शिकल्या नाहीत. मीही शिकले नाही. ती गेली की संपलं, हे तिलाही कळत होतं आणि मलाही.

म्हणून वही घेऊन गेले तर बाईसाहेब नाही म्हणाल्या. मांडवाबाहेर धवला म्हणायचा नाही, ही तिची रीत. मी दर रविवारी डोंबिवलीहून खेटे घातले. शेवटी तिनेच तोड काढली. स्वयंपाकघराच्या चार कोपऱ्यांत चार तांबे ठेवले, मला पाटावर बसवलं, माझ्याकडून विडा घेतला आणि त्यावरची सुपारी देव्हाऱ्यात ठेवली.

"जाला मांडव," ती म्हणाली. "आता मधीच सोरू नुको. सोरलास त देव वाटंवरशी परत जातीन."

मी हो म्हणाले. तीन रविवार ती गात होती, मी लिहीत होते. दम लागला की पाणी प्यायची आणि पुन्हा 'ये गो हलदीबाय, पाटावं बस'. ते सगळं मी कादंबरीतल्या जादूगारणीच्या तोंडी जसंच्या तसं घातलं.

संपादक म्हणाला, "मॅडम, कल्पना अफाट आहे. पण जादू म्हटलं की भाषा भारदस्त हवी. हे असं बोलणारी जादूगारीण मुलांना खरी वाटणार नाही."

मी म्हटलं, अहो, ही भाषाच तर जादू आहे.

"मग आपण ती ठेवू की. जादूगारणीच्या वाड्यात भांडी घासणारी एक बाई घाला, तिच्या तोंडी द्या. मजा येईल."

मजा. या शब्दावर मी उठायला हवं होतं. पर्स उचलून सरळ खाली उतरायला हवं होतं. पण पहिलं पुस्तक होतं ना, लाळ गळत होती माझी. मी घरी येऊन सगळं बदललं. त्याने नाही, मी, माझ्या हाताने. जादूगारीण म्हणायला लागली, 'जागृत हो, हे महाशक्ती, ही माझी आज्ञा आहे.' आज्ञा. माझ्या आत्याने उभ्या जन्मात मांजरालासुद्धा आज्ञा केलेली नाही.

पुस्तक आलं. मी कळव्याला जायचं टाळत राहिले. मग एका दुपारी संपादकाचा फोन. ती भांडी घासणारी मुलांना जाम आवडली होती, शाळांमध्ये तिचे संवाद म्हणून पोरं हसतात म्हणे, दुसरा भाग द्या आणि तिचे विनोद वाढवा. मी शिकवते त्या कॉलेजच्या कॉरिडॉरमध्ये उभी होते. त्याला जे बोलले ते ऐकून शिपाई स्टूलवरून उठला. पण फोन ठेवल्यावर जळफळाट झाला तो माझाच माझ्यावर, कारण त्या माणसाने माझ्या सहीशिवाय काहीच केलं नव्हतं.

त्याच आठवड्यात आत्याने बोलावून घेतलं. "पुस्तक छापलास, मना वाचून नाय दाखवलास?"

वाचलं. पानं गाळायचा विचार मनात आला होता, लाज वाटली म्हणून नाही गाळली. भांडी घासणारी बोलायला लागली तशी आत्या खुदकन हसली. मग जादूचा प्रसंग आला. ती मांडी सावरून बसली, ओठ हलायला लागले, आता आपली हळद येणार म्हणून. मी आज्ञा वाचली. तिचे ओठ थांबले. मला पुढे वाच म्हणाली. मी शेवटच्या पानापर्यंत वाचलं.

"ती भांडी घासनारी माझेसारखी बोलतं," ती म्हणाली.

"हो."

"तिला जादू येतं?"

"नाही."

ती भिंतीला धरून उठली, देव्हाऱ्यातून सुपारी काढली, पदराने पुसली आणि माझ्या हातावर ठेवली. रागावली असती तर बरं झालं असतं. मला भांडता आलं असतं, संपादकाचं नाव पुढे करता आलं असतं.

"लगीन लागला नाय," ती म्हणाली. "ही घेऊन जा. जवा ती भांडी घासनारी देवाला बोलवील, तवा परत आन. पन लवकर आन, माझा दम सरत चाललाय."