माहेरवाशिणींची पाणथळ

गाबोळी मागितली की अनसूयाबाई टोपली उचलायची. सौदाच बंद! मासळीवाल्या बाकी बायका पोटातली अंडी कौतुकाने दाखवतात हो, आणि ही कोथरूडला आमच्या दारात बसून मलाच सुनवायची, "वहिनी, पोटुशी लेक माहेराला निघाली, आन् तुमी तिला वाटंतच तळताय व्हय?"

तिच्या भोयांच्या वस्तीची रीतच ती. नदी चढली की मासळी काठच्या पाणथळीत, लव्हाळ्यात अंडी घालायला येते. तेवढे दिवस जाळं खुंटीला आणि घरात कोरडी भाकरी. पुढे वर्षभर पोट भरायचं ते याच पाणथळीवर ना!

पण आता नदी आपली आपण चढते कुठे? वरच्या धरणातून पाणी सोडतात. "दार उगडलं की मासळीला वाटतं, माहेरचं बोलावणं आलं," अनसूयाबाई म्हणायची. "खुळी हाय. तिला काय ठावं, दार कुनाच्या हातात हाय ते!"

तिने मासे विकले त्या शेवटच्या पावसाळ्यात पाणी सुटलं, तेव्हा मला हौसेने काठावर घेऊन गेली. लव्हाळ्यात नुसती सळसळ. "आल्या बगा लेकी!" म्हणत लहान मुलीसारखी टाळ्या पिटत होती.

तिसऱ्या दिवशी सकाळीच तिचा फोन. "वहिनी, बादली घिऊन या."

धरणाची दारं मिटली होती. पाणी पार पात्रात उतरलेलं, आणि उघड्या पडलेल्या लव्हाळ्याला शिजल्या साबुदाण्यासारखी अंडी चिकटलेली. ही पातेल्याने पाणी आणून त्यावर ओतत होती. मीही लागले. गुडघे बोलायला लागले तेव्हा धरणाच्या ऑफिसात फोन लावला. पलीकडचा मुलगा नम्रच होता. "आजी, धरण भरून ठेवायला हवं. शहराला वर्षभर पाणी नको का?"

मी त्याच शहरात राहते.

ऊन चढलं. काचेसारखी अंडी एकेक करून पांढरी पडली. अनसूयाबाईने एका पात्यावरून बोट फिरवलं, पातेलं पालथं घातलं आणि म्हणाली, "जावा वहिनी. तुमच्या नळाचं पाणी जाईल."

टोमणा नव्हता हो. पुण्यात जन्म गेला, टोमणा मला कळतो.

मी घरी आले. नळ धो धो वाहत होता. भरून घेतलं.