कॅरॅव्हॅनचा गृहप्रवेश

परदेशातल्या आमच्या अख्ख्या स्प्रिंगफील्ड लेक्स उपनगरात नियमांवर मनापासून प्रेम करणारा एकच माणूस होता, आणि नियमांनी नेमकं त्यालाच पकडलं. माझ्या नवऱ्याचे हे नागपूरचे मित्र, माझे भाऊजी. कचऱ्याचा डबा वाकडा ठेवलेला दिसला, तर ते आमचाही सरळ करून जायचे. जुनी कॅरॅव्हॅन, म्हणजे गाडीमागे ओढायची चाकांवरची खोली, घेतली तेव्हा तिच्याआधी मोजपट्टी घरी आली. "वहिनी, घराच्या दर्शनी भिंतीपुढे बोटभरही येता कामा नये," म्हणत त्यांनी अख्खा शनिवार कॅरॅव्हॅन पुढे-मागे केली. ती घेऊन कुठे मात्र गेले नाहीत. सुट्टीच्या दिवशी आत बसून चहा प्यायचे आणि आपण समुद्रावर आलोय असं बायकोला सांगायचे.

त्या वर्षी विद्यार्थ्यांचा लोंढा आला आणि भाड्याने खोली मिळेनाशी झाली. भाऊजींच्या ओळखीतली प्राजक्ता वर्ध्याहून नर्सिंग शिकायला आली होती, बॅगा घेऊन याच्या-त्याच्या सोफ्यावर झोपत होती. भाऊजींकडे सासू-सासरे आलेले, घर भरलेलं. म्हणून त्यांनी तिला कॅरॅव्हॅन दिली. गुपचूप दिली असती तर निभावलं असतं. पण मुलगी राहायला येणार, म्हणजे गृहप्रवेश हवाच! दारावर पंचशील पताका लागल्या, बुद्धवंदना झाली, खीर शिजली, ओळखीच्या झाडून सगळ्या मराठी कुटुंबांना आमंत्रण गेलं.

"काका, हे घर थोडीच आहे?" प्राजक्ता लाजली.

"तू राहणार ना? मग घरच!"

थोड्याच दिवसांत कौन्सिलचा, म्हणजे इथल्या नगरपालिकेचा माणूस आला. कॅरॅव्हॅन ठेवायला हरकत नव्हती, तिच्यात कुणी राहायला होती. तक्रारीसोबतचा फोटो त्याने दाखवला: पताका, गादी, खीर वाढणारी प्राजक्ता. गोऱ्या शेजाऱ्यावर संशय घ्यायचीही सोय उरली नाही. फोटो कॅरॅव्हॅनच्या आत बसून काढलेला होता. त्या दिवशी आत बसून फोटो काढणाऱ्या एका पाहुण्या गृहस्थांना मी सरळच विचारलं.

"रूल्स आर रूल्स, वहिनी. आपल्या एरियाचं स्टँडर्ड नको का राखायला?"

खीर त्यांनी दोनदा मागून घेतली होती.

प्राजक्ता आता लांबच्या एका घरात राहते. एका खोलीत चौघी, हॉलमध्ये तिघी. बाहेरून ते व्यवस्थित घर दिसतं, त्यामुळे कुणाची तक्रार नाही. इकडे कॅरॅव्हॅन कुलूप लावून उभी असते.

"विकून का टाकत नाही, भाऊजी?"

"असू द्या, वहिनी. रिकामी आहे तोवर कायदेशीर आहे."

एवढं बोलून ते कॅरॅव्हॅनचं कुलूप काढून आत जातात, गादी बाहेर काढतात आणि उन्हात टाकतात.