रूपलने कापलेलं हसू

रूपलला मी स्वस्थ बसलेली फक्त दाताच्या डॉक्टरकडे पाहिली आहे. मी शैलेश, तिचा कॅमेरामन. नऊ वर्षं तिची बोलणी खातोय, तेव्हा एवढं म्हणायचा मला हक्क आहे.

बोईसरला लग्नाचे व्हिडिओ जोडण्यापासून तिची सुरुवात झाली. रुसलेले काका, जेवणावरची भांडणं ती अशी सफाईने कापून टाकायची, की भांडलेल्यांनाही आपण गोडीगुलाबीने वागलो असं वाटे. पुढे कारखान्यांसाठी सुरक्षेच्या फिल्म्स, मग दुसऱ्यांचे माहितीपट. निवेदनही तीच लिहू लागली. बोईसरजवळच्या किनाऱ्यावरच्या नवापूर गावातल्या मासळी विकणाऱ्या बायांवरचा माहितीपट हा तिचा स्वतःचा पहिला. दोन वर्षं त्यात गेली. महोत्सवाला पाठवायचा शेवटचा दिवस उजाडला, तरी ही बया सकाळपासून तीच दोन दृश्यं पुढेमागे करत होती. मला नुसता वैताग आला होता.

तिचा एक नियम आहे. ज्याचं बोलणं घेतलं, त्याला आधी दाखवायचं. तो नको म्हणाला तर काढायचं. अकरा बायांनी पाहून होकार दिला होता, राहिली होती फक्त मंदाकाकी. म्हणून दुपारी आम्ही लॅपटॉप घेऊन तिच्या ओटीवर बसलो. सगळा माहितीपट काकीवर उभा होता. ती नाही म्हणाली असती, तर हाती काही उरत नव्हतं.

मासळी घटली, नवऱ्याने होडी विकली, कोंबड्या शिरू नयेत म्हणून उरलेल्या जाळीचं काकीने भाजीच्या वाफ्याला कुंपण घातलं. पडद्यावर काकी हे सांगते, थांबते, आणि रूपलचा आवाज येतो, ‘मंदाकाकींचे शब्द इथे संपतात.’ मला तिथे दर वेळी गलबलून यायचं.

काकीने मान वळवली. “माजे शब्द कवा संपले गो? ‘दर्याची जाली आता कोंबड्या आडवते’ बोलली न् केवडी हसली मी!”

“काकी, ते हसू तिथे बसत नव्हतं,” रूपल म्हणाली. “लोकांना वाटलं असतं, तुम्हाला काही दुःखच नाही.”

“अगो, दुख हाय म्हून तर हसली! मी बाजारात बसते. बाई रडकी दिसली का गिऱ्हाईक दुप्पट घासाघीस करतं. हे बगून उद्या माजा भाव कोन मानल? असं दाखवनार तर मला काडूनच टाक.”

रूपल पांढरीफटक पडली. मला तिची दया आली आणि स्वतःचा राग. ते हसू मीच टिपलं होतं, आणि ते कापलं गेलं तेव्हा मला त्याची आठवणसुद्धा झाली नव्हती.

तिने तिथेच हसू परत लावलं, आपलं वाक्य पुसलं. काकीने पुन्हा बघितलं. “आता मी हाय,” म्हणाली आणि चहा टाकायला आत गेली. साडेचार वाजले होते. महोत्सवाची मुदत सहापर्यंत होती, पाठवणं सहज जमलं असतं. मी लॅपटॉप मिटायला गेलो, तर रूपलने माझा हात झटकला.

“बाकीच्या अकरा बायांचं मूळ चित्रण काढ, शैलेश. मी कोणाकोणाला गप्प केलंय, ते आधी बघू दे.”