मंत्रीणबाईंना दिलेलं अस्वल

हे जनपद सभेचे अध्यक्ष झाले आणि तिसऱ्या दिवशी आमच्याकडे अस्वल राहायला आलं.

गडचिरोलीच्या सरकारी बंगल्यात मी अजून डबेसुद्धा लावले नव्हते. धानोऱ्याकडच्या एका गावात यांचा सत्कार झाला. गावकऱ्यांनी हार घातला, नारळ दिला आणि मांडीवर अस्वलाचं पिल्लू ठेवलं. (हार वाटेतच सुकला. पिल्लू कुठलं सुकायला!)

"अवो, परत देऊन या ना!"

"येडी हायेस काय? मानानं देल्लेलं परत करत नाईत. गाव रुसते."

गाव रुसेल म्हणे! मी रुसले ते कोणाला दिसलंच नाही. पिल्लाचं नाव पडलं काळू. काळूनं आधी अंगणात वाळत घातलेली मोहफुलं संपवली, मग गुळाची अख्खी भेली. मग तो यांच्या खुर्चीत बसायला लागला. अर्ज घेऊन आलेली माणसं पहिला रामराम त्यालाच घालायची! बाकी दिवसभर तो माझ्या पायाला मिठी मारून असायचा आणि मी त्याला फरफटत भाकरी थापायची. दोन महिन्यांत माझी कंबर गेली हो!

अशात नागपूरचे एक मंत्री दौऱ्यावर असताना बायकोसह जेवायला आले. मंत्रीणबाईंनी काळूला उचललं. "अगंबाई, किती गोड!"

मी दबा धरूनच होते. "घेऊन जा ना बाई. मानानं देऊन राह्यली मी, नाई म्हणू नका!"

हे पुढे यायच्या आत मी काळूला झाकणाच्या टोपलीत घातलं, टोपली त्यांच्या जीपमध्ये ठेवली आणि त्या दुपारी मेल्यासारखी झोपले.

इथंच थांबायचं की नाही? पण टोपली बुरडाकडून मापानं विणून घेतलेली! नागपूरला निघालेल्या चपराशाला मी म्हटलं, "बाईले सांगजो, टोपली तेवढी धाडा."

"टोपलीपायी काऊन जीव टाकून राह्यली?" हे म्हणाले.

"माही हाये ते!"

पंधरा दिवसांनी जीप आली. ड्रायव्हरनं टोपली उतरवली. झाकण सुतळीनं करकचून बांधलेलं.

"बाईसायेबानं सांगतलं, दुसऱ्याचं भांडं रिकामं धाडू नाई. बंगल्यावर मानानं आलेले सहा होते, त्यातले दोन हायेत."

मी सुतळी सोडली. वानराची दोन पिल्लं!

"जा, परत देऊन ये," हे म्हणाले आणि पोट धरून हसले.

संध्याकाळपर्यंत त्या दोघांनी टोपलीची एकेक कामटी सुटी केली. अस्वल फुकट देऊन टोपली परत मागणारी बाई साऱ्या चांदा जिल्ह्यात एकच, आणि ती ओट्यावर बसून वानरांना केळी सोलून देत होती!