त्याच आठवड्यातल्या दोघी

वच्छलाबाईला सगळं गाव सुखी समजायचं, आणि समजणाऱ्यांचीही काही चूक नव्हती. नवरा वना दारूला शिवत नव्हता, गोठ्यात दोन बैलजोड्या होत्या, आणि लग्नाला दोन वर्षं होतात न होतात तोच मांडीवर पोरगा. आणखी काय हवं बाईला? पण गावाचं काय, ते ओट्यावर बसून बोलतं. चुलीपुढं काय चाललंय ते त्याला थोडंच दिसतं!

तिचं माहेर केळीच्या मुलखातलं, रावेरकडचं. भुसावळला गाडी बदलून दोंडाईचाला उतरायचं आणि पुढं बैलगाडीनं सासर गाठायचं. आई लहानपणीच गेलेली, म्हणून पहिलं बाळंतपणसुद्धा सासरीच. जायला दुसरी जागाच नव्हती हो तिला. हे आधी ध्यानात घ्या, म्हणजे पुढं तिला नावं ठेवताना जीभ जरा जड होईल.

घरात सत्ता सासूची, शेवंताबाईची. थोरला मुलगा रुपचंद, त्याची बायको तानुबाई. वच्छला या जावेला अक्का म्हणायची. लग्नाला आठ वर्षं झाल्यावर तानुची कूस उजवली, ती नेमकी वच्छलाच्याच बरोबर. सत्त्याऐंशी साल होतं. त्याच वर्षी गरोदर बायकांचा अभ्यास करणारी एक जीप आसपासच्या गावांत फिरू लागली. झाडून सगळ्या पोटुशा बायकांची नोंद झाली, दंडातलं रक्त काढलं आणि ते बर्फात ठेवायला धुळ्याला गेलं.

त्या दिवसांत वच्छलाचे हाल कुत्रा खाईना. पाय सुजलेले, पाण्याचा घोट पोटात ठरेना. त्यात कापूस वेचणीचे दिवस. सासूनं दोघींना सारखं काम वाटून दिलेलं, आणि तिच्यापुढं ब्र काढायची कुणाची छाती? शेवटी तानुनंच वाट काढली. शेतात पोचलं की म्हणायची, "तू पडी ऱ्हाय वं झोपडीमा. मी शे ना." वच्छलाच्या वाटणीचा कापूस तिनं वेचला, नाल्यावरचे हंडे तिनं भरले, दोघींची गाठोडी डोक्यावर वाहत तिनं नववा महिना काढला. घरी बसलेल्या सासूला वाटायचं, दोन्ही सुना राबताहेत.

मार्गशीर्षात एकाच आठवड्यात दोघी बाळंत झाल्या. वच्छलाचा पोरगा घर डोक्यावर घेऊन रडला. तानुचा रडलाच नाही.

सुतक फिटायच्या आतच शेवंताबाईनं निकाल लावून टाकला, "तिनी कूसच खोटी शे." रुपचंदाला दुसरी बायको करायची! कायदा? कायदा धुळ्याच्या कोर्टात असेल, या घरात शेवंताबाई होती. रुपचंद मान खाली घालून बैलांकडं निघून गेला, आणि तानुबाई कोपऱ्यात बसून जावेच्या पोराचे लंगोट धूत होती. माहेरची वाट तिलाही बंदच होती. भावांनी आधीच हात वर केलेले.

अशात जीपवाल्या बेबाबाई आल्या. त्यांची पद्धत अशी, की जिचं मूल दगावलं तिच्यासोबत त्याच आठवड्यात बाळंत झालेली आणि मूल जगलेली एक बाई चिठ्ठी टाकून निवडायची. दोघींना तेच प्रश्न विचारायचे, त्या दोघींचंच रक्त बर्फातून काढायचं, आणि फरक कुठं पडला ते बघायचं. सगळ्यांचं रक्त तपासायला सरकार काय खजिना घेऊन बसलंय? बाकीच्यांचं बर्फातच. आता तानुच्या जोडीला चिठ्ठी निघून निघून कुणाची निघावी? वच्छलाची!

प्रश्न एकांतात विचारायचा नियम होता. शेवंताबाई सूप घेऊन उंबऱ्यावरच बसली. "मना घरमा माले कोन उठाडस?" म्हणाली. बेबाबाई काय करणार?

तानुबाई आधी बसली. ओझं उचललं का? "सगळ्या बाया उचलतस तितलंच," तिनं खाली बघत सांगितलं. जावेचं नावही घेतलं नाही तिनं.

मग वच्छला. "शेवटच्या तीन महिन्यांत डोक्यावर ओझं वाहिलंस?" सुपाचा आवाज थांबला. नाही म्हणावं, तर तीन महिने सासूला फसवलं हे उघडं पडणार, आणि हो म्हणावं, तर अक्काचे कष्ट मातीत.

"वाह्यलं," ती म्हणाली. "अक्कासारखंच."

बेबाबाई भोळेपणानं बोलून गेल्या, "दोघींचं तर सारखंच दिसतंय." झालं! शेवंताबाईनं तेवढंच उचललं. "आयकं का? डाक्तरनी बाईबी तेच सांगस. काम सारखं, खानं सारखं. मंग खोट कोठे शे?"

वच्छलाला स्वतःचीच किळस आली. पुढच्या खेपेला जीप दुसऱ्या गल्लीत थांबली, तेव्हा पोराला खांद्यावर टाकून ती धावत गेली आणि बेबाबाईंना सगळं खरं सांगितलं. बेबाबाईंनी ऐकून घेतलं. म्हणाल्या, "मी दुरुस्त करते, वच्छला. पण आमच्या कागदावर नावं नसतात गं, नंबर असतात. चार-पाच वर्षांनी शेकडो बायकांचा मिळून एक निष्कर्ष निघेल. तुझ्या सासूला सांगायला तो इथं येणार नाही. ते तुलाच सांगावं लागेल."

अन् सांगितलं तिनं! रुपचंदासाठी पाहिलेल्या मुलीकडचे लोक बोलणी करायला ओट्यावर बसलेले, चहा फिरत होता, तेव्हा घराबाहेर कधी आवाज न काढलेली ही बाई पोराला घेऊन सगळ्यांसमोर उभी राहिली. "अक्कानी कूस खोटी नही शे. मनं बठ्ठं काम तिनी करं. मी झोपडीमा पडेल व्हती. तिनं पोर मनापायी गयं."

तानुबाई दाराआड हुंदके द्यायला लागली. शेवंताबाईनं मात्र डोळ्यांची पापणीसुद्धा हलवली नाही.

"तुनापायी गयं ना? मंग तुना पोऱ्या तिना ओटीमा टाक."

वच्छलानं वनाकडं पाहिलं. वना बशीतला चहा पाहत होता. कुणीतरी म्हणालं, न्यायाचं बोलली म्हातारी. तानुबाई एकदा "नको वं माय" म्हणाली. दुसऱ्यांदा म्हणाली नाही, आणि पदर पुढं झाला. त्या पदराला मी तरी नावं ठेवणार नाही. पाहुणे उठून गेले, रुपचंदाची दुसरी बायको टळली, आणि गावानं शेवंताबाईला डोक्यावर घेतलं. वच्छला पोराला पाजायची आणि परत जावेच्या हातात द्यायची. अंगावरचं दूध तुटल्यावर तेही राहिलं नाही. पुढं तिला दिवस गेलेच नाहीत.

त्र्याण्णव साली बेबाबाई पुन्हा आल्या, मुद्दाम वाट वाकडी करून. अभ्यास पुरा झाला होता. ज्यांनी शेवटपर्यंत ओझी वाहिली, त्यांचीच मुलं जास्त गेली होती. "तू खरं सांगितलंस, त्याचा उपयोग झाला बघ," त्या म्हणाल्या. तेवढ्यात पोरगा शाळेतून आला, वच्छलाच्या अंगावरून तसाच पुढं गेला आणि तानुच्या पदराला लोंबकळला, "माय, भाकर दे!"

बेबाबाई गोंधळल्या. "हे काय? जगलेलं मूल तुझं ना, वच्छला? का माझ्याकडं उलटं लिहिलं गेलं?"

पोरगा भाकर हातात घेऊन ऐकत उभा होता.

"उलटंच लिहाई गयं व्हई, बाई," वच्छला म्हणाली. "तो अक्काना शे. मनं पोर व्हतं ते गयं."