चंद्राची फाइल

किस्से जमायला फार माणसं लागत नाहीत. तिघं असावीत, जागा अडचणीची असावी आणि एखादी वस्तू तिघांत मिळून असावी. आमच्यात ती वस्तू म्हणजे कंप्युटरमधल्या चार-पाच फाइली होत्या. अजूनही चार जण जेवायला जमले की कुणीतरी म्हणतंच, "मंदाताई, ते कट्ट्याचं सांगा ना." आणि एक सांगितला की त्याच्या मागून दुसरा येतो.

ऐंशीचं दशक संपत आलं होतं. मालवणजवळच्या कट्टा गावात एस.टी. थांब्यासमोर, किराणा दुकानाच्या माडीवर नानांनी ऑफिस काढलं होतं. नाना जन्मभर बोटीवर रेडिओ ऑफिसर. निवृत्त होताना लोक टेपरेकॉर्डर आणायचे, नानांनी सिंगापूरहून कंप्युटर आणला. त्याबरोबर विंडोज, आणि विंडोजवर प्रोग्रॅम लिहायचं सगळं सामान, म्हणजे फ्लॉप्यांचा हा एवढा गठ्ठा. हाताखाली आम्ही दोघं. मी मालवणची, बी.एस्सी. गणितवाली. दुसरा देवगडचा विलास, डिप्लोमा झालेला. चालू असलेली कुठलीही गोष्ट आणखी चांगली करायला जायची त्याला खोड होती.

* * *

पहिल्या आठवड्यात नानांनी आम्हाला लायब्ररी फाइल समजावून सांगितली. बऱ्याच प्रोग्रॅमना काही कामं सारखीच लागतात. तारीख काढणं, छापणं, असली. ती प्रत्येक प्रोग्रॅममध्ये परत परत लिहायची नाहीत. एका वेगळ्या फाइलीत ठेवायची, आणि ज्या प्रोग्रॅमला लागतील त्यानं चालता चालता तिथून वापरायची.

मी वहीत सगळं उतरवून घेतलं, पण चेहऱ्यावर काही उजेड पडला नसावा. नाना म्हणाले, "अगो, देवळातले मोठे टोप बगलंस मा? वाडयेत कोणाच्या घराकडे दोनशे माणसांचो टोप आसा? लगीन ठरला की देवळातसून हाडूचो, काम झाला की परत ठेवचो. तीच लायब्ररी."

"आणि एकाच दिवशी दोन लग्नां असली तर?" विलासनं विचारलं.

"कंप्युटरात चलता. दोघांकय एकच टोप पुरता." नाना जरा थांबले. "फकत टोपाक कोणी भोक पाडूचा नाय. मगे दोनय लग्नां उपाशी."

हे शेवटचं त्यांनी विलासकडे बघून सांगितलं.

* * *

नानांनी दाराबाहेर पाटी रंगवून घेतली होती, 'येथे कंप्युटर प्रोग्रॅम व लायब्ररी तयार होतात.' तिसऱ्या दिवशी शाळेतून निवृत्त झालेल्या एक बाई जिन्याला धरून धरून वर आल्या. दम खात म्हणाल्या, "वर्गणी किती?"

मी खुलासा करणार, तेवढ्यात नानांनी एकदा त्यांच्याकडे आणि एकदा त्या उभ्या जिन्याकडे पाहिलं. "वर्गणी नाय, बाई. बसा," म्हणाले, आणि घरून पत्र्याची ट्रंक आणवून घेतली. बोटीवर असताना वाचायला नेलेली पुस्तकं तिच्यात होती. महिन्याभरात आठ-दहा वाचक झाले. प्रोग्रॅमचं गिऱ्हाईक तेव्हा एकच होतं. पुस्तकांचं रजिस्टर अर्थात माझ्याकडे.

दोनेक महिन्यांनी बाई एक पुस्तक परत करताना म्हणाल्या, "पुस्तकं छान आहेत हो तुमची. पण प्रत्येकात बोट बुडते. एखादी किनाऱ्याला लागलेली आहे का?"

नानांनी ट्रंकेत बराच वेळ शोधलं. मग म्हणाले, "किनाऱ्याक लागलेल्यांवर कोण लिवता, बाई?"

* * *

जगातल्या मोठमोठ्या बंदरांची भरती-ओहोटीची कोष्टकं नानांनी पाहिली होती. आपल्या मालवणचं आपण काढावं अशी त्यांची फार इच्छा. विलासनं आणि मी मिळून तो प्रोग्रॅम केला. भरतीला चंद्र लागतो, म्हणून चंद्राचं गणित एका वेगळ्या लायब्ररी फाइलीत ठेवलं. महिन्याचा कागद छापायचा आणि मालवणला किनाऱ्यावरच्या चहाच्या दुकानात चिकटवायचा, फुकट.

पहिला कागद निघाला तेव्हा मालवणची गाडी सुटायला आली होती. मी न बघताच त्याची घडी घातली आणि कंडक्टरच्या हाती दिली. दुसऱ्या दिवशी बाबल तांडेल वर आला. चाळीस वर्षं होडी घालणारा माणूस. त्यानं कागद टेबलावर पसरला.

"नाना, ह्यां बगा. भरती शून्य, सुकती शून्य. सबंद म्हयनो शून्य. मगे काल सुकतीक माझी होडी रेंवेत कशी बसली?"

झालं होतं असं, की चाचणी भराभर व्हावी म्हणून विलासनं चंद्राच्या फाइलीच्या जागी एक पोकळ फाइल ठेवली होती. नाव तेच, पण आत काही नाही. काहीही विचारलं तरी तिचं उत्तर शून्य. ती काढून खरी ठेवायला तो विसरला होता. नाना बाबलसमोर अक्षरशः हात जोडून उभे राहिले. विलासचे कान लाल झाले होते. मीही मान खाली घातली, कारण कागद मी बघितला नव्हता.

बाबलनं शांतपणे चहा घेतला. जाताना दारात थांबून म्हणाला, "वायट वाटून घेव नकात. तुमचो कागद तसो बरोबरच होतो. मासळी पण शून्यच गावली."

* * *

वेंगुर्ल्याच्या एका काजू कारखानदारानं आमच्याकडून प्रोग्रॅम करून घेतला. कुठल्या प्रतीचा काजू कुठल्या खोलीत ठेवलाय ते सांगणारा. मी फ्लॉपी घेऊन सकाळच्या गाडीनं गेले. बारा वाजता मालकानं घरची आणि गावातली वडीलधारी मंडळी बघायला बोलावली होती. कंप्युटरला हार घातला होता. साडेनऊला मी प्रोग्रॅम सुरू केला, तर पडद्यावर आलं की अमुक फाइल सापडत नाही. छापायची लायब्ररी फाइल कट्ट्यालाच राहिली होती. अगदी लहानशी, पण तिच्याशिवाय प्रोग्रॅम पाऊलही टाकेना. आणि कट्ट्याहून बारापर्यंत पोचेल अशी गाडी नव्हती.

ट्रंक कॉल लावला. मला रडू फुटायच्या बेतात होतं. नाना म्हणाले, "रडां नको. फाइल म्हंजे काय, आकडे आणि अक्षरां. मी वाचतंय, तू लिव. लिवलंस की परत वाचून दाखय."

आणि नाना त्यांच्या जुन्या रेडिओच्या पद्धतीनं फोनवर फाइल वाचायला लागले. "फोर, अल्फा. नाइन, चार्ली. फॉक्सट्रॉट, टू." मी एकेक ओळ लिहीत होते आणि परत म्हणून दाखवत होते. मिनिटं संपली की कॉल तुटायचा, परत लावायचा. शेकड्यांनी अक्षरं. त्यातलं एक जरी चुकलं तरी सगळं फुकट.

तिसऱ्या कॉलला नानांनी एक ओळ सांगितली, मी ती परत म्हटली, नाना पुढे निघाले. एवढ्यात मधूनच तिसराच आवाज आला. टेलिफोन एक्स्चेंजमधली ऑपरेटर.

"नानानू, थांबा. तुम्ही डेल्टा म्हटलात. चेडवान ब्रावो वाचल्यान."

मी बघितलं. खरंच ब्रावो लिहिलं होतं.

बाराला पाच कमी असताना सगळं टाइप करून झालं आणि प्रोग्रॅम चालला. मंडळींनी टाळ्या वाजवल्या, मला नारळ दिला. तो नारळ मी परस्पर एक्स्चेंजवर नेऊन दिला.

* * *

आता हा शेवटचा.

भरतीचा कागद चालू झाल्यावर बाबलची एक तक्रार राहिली होती. तुमच्या कागदापेक्षा भरती पाऊण तास उशिरा येते, म्हणायचा. ही दुरुस्ती भरतीच्या प्रोग्रॅममध्ये करायला हवी होती. विलासनं सोपं काम केलं. भरती उशिरा येते ना, मग त्यानं लायब्ररी फाइलीतला चंद्रच पाऊण तास मागे ढकलला. बाबल खूश. कोणाला काही सांगायची गरज विलासला वाटली नाही.

त्याच दिवसांत माझ्या घरी देवगडहून सांगून आलं. विलासच्याच घरून. आम्ही दोघं त्याविषयी वर्षभर काही बोललो नव्हतो, आणि तरी आम्हाला दोघांना माहीत होतं. आई म्हणाली, "झील बरो आसा. पत्रिका तेवढी जुळांदेत." पत्रिका कट्ट्याच्या भटजींकडे गेल्या. सत्तरीचे, फार मोजकं बोलणारे. त्यांच्यासाठी पत्रिका मांडायचा प्रोग्रॅम आम्हीच केला होता. ते जन्मवेळा आणून द्यायचे, आम्ही छापून द्यायचो. आमच्याही दोघांच्या छापल्या. सव्वीस गुण जुळले. साखरपुडा झाला.

त्यानंतर आठवड्यानं नाना सहज म्हणून चंद्रोदयाच्या वेळा पंचांगाशी ताडून बघत होते. त्यांची बोटीवरची सवय. एकदम थांबले. "विलास, चंद्राक हात लावलंस?"

विलासनं सगळं सांगितलं. नाना रागावले नाहीत. त्यांनी एवढंच विचारलं, "ह्या फाइलीर आणखी काय चलता?"

शेवटी मीच म्हटलं, "भटजींच्यो पत्रिका."

विलासनं चंद्र जागेवर आणला. मी माझी जन्मवेळ परत टाकली. माझा जन्म एक नक्षत्र संपून दुसरं लागतानाचा, अगदी शिवेवरचा. पाऊण तासानं माझं नक्षत्र बदललं होतं. खरा कागद बाहेर आला तो मी वाचला आणि विलासच्या हातात दिला. एकनाड. आमच्याकडे एकनाड निघाली की बोलणं तिथंच संपतं.

त्यानं तो दोनदा वाचला. मग म्हणाला, "चूक माझी. मी सांगतंय तुझ्या आयेक."

"दोघांनी सांगूया," मी म्हटलं.

नाना उठले. "आधी भटजींका सांगूक व्हया. बाकीच्या लोकांच्योय पत्रिका आसत." ते चपला घालत होते तोच भटजी जिना चढून वर आले, नेहमीसारखे नव्या जन्मवेळांचा कागद घेऊन.

"भटजीनू, आमच्याकडसून मोठी चूक झाली," नाना म्हणाले. "तीन आठवडे आमचो चंद्र पाऊण तास मागे होतो. त्या दिवसांतल्यो काय पत्रिका चुकल्यो असतत."

भटजींनी उपरणं खांद्यावर नीट घेतलं. "माका म्हायत आसा."

"तुमका कसा म्हायत?"

"मशीनीचा अक्षर बरा दिसता म्हणान मी तुमच्याकडे येतंय. पत्रिका मी सगळ्यो पंचांगान परत मांडतंय. त्या तीन आठवड्यांत तीन चुकल्यो. दोन मी हातान दुरुस्त केलंय."

नानांनी विचारलं, "आणि तिसरी?"

भटजींनी माझ्याकडे पाहिलं, मग विलासकडे पाहिलं. खुर्ची ओढून ते खिडकीपाशी बसले आणि खाली थांब्यावर लागलेल्या गाडीकडे बघायला लागले.

"मंदा," ते म्हणाले, "चाय ठेव गो. जरा साखर घालून दी."