नोराचं गाव आणि तिची पुस्तकं

माझ्या आईने एकदा एका आयरिश बाईची भाऊबंदकी मिटवायला घेतली होती.

ती बाई, आमची नोरा, परवा गेली. अठ्ठ्याहत्तर वर्षांची होती.

तुमच्यापैकी कुणीच तिला ओळखत नाही. तरी वाचा.

नव्वदच्या दशकाचा शेवट. आम्ही आखातात, रास अल खैमाला राहायचो. बाबा टाइल्सच्या कारखान्यात, आई घरी, मी बारा वर्षांची आणि भयंकर भोचक. समोरच्या फ्लॅटमध्ये नोरा. सरकारी हॉस्पिटलात नर्स.

तिच्या हॉलमध्ये टीव्ही नव्हता. एक अख्खी भिंत पुस्तकांची, आणि सगळी आयर्लंडवरची.

समरच्या सुट्टीवरून येताना आमच्या बॅगेत मेतकूट आणि कोकम, तिच्या बॅगेत पुस्तकं. आई म्हणायची, "ही कपडे कुठे ठेवते गं?"

आडनावांचं एक जाडजूड पुस्तक होतं. स्वेटरच्या विणींचं एक. गाण्यांची दोन-तीन. तिकडे शेताशेताला नाव असतं म्हणे, ती नावं कशी पडली त्याचं एक. जहाजात बसून देश सोडून गेलेल्यांचं एक, ते मला वाचवेना. सगळ्यांचा सूर एकच, आम्ही कोण, कुठले, आणि आम्हाला त्याचा केवढा अभिमान आहे. हात धुऊन यायचं आणि हवं ते पुस्तक घ्यायचं, एवढाच तिचा नियम.

मला प्रश्न पडायचा, हिला हे सगळं आधीच माहीत नाही का? मला कुणी कोल्हापूरवर पन्नास पुस्तकं दिली तर मी वाचेन का?

आईचा प्रश्न वेगळा. "आयर्लंड ठीक आहे. पण गाव कुठलं?"

आईची हिंदी, नोराची इंग्लिश, मध्ये दुभाषी मी.

नोरा म्हणाली, "गाव नाहीये."

घरी येईपर्यंत आईचं निदान तयार. "भाऊबंदकी. भावांनी जमीन लाटली असणार. म्हणून नाव काढत नाही बिचारी."

"आई, यू डोन्ट नो दॅट."

"गप गं. मला कळतं."

दुसऱ्या दिवशी तिला चहाला बोलावलं आणि सरळ सल्ला दिला, सातबारा काढ. मी तो नोराला इंग्लिशमध्ये कसा समजावला, देव जाणे. ती खूप हसली. मग हसायची थांबली आणि खरं काय ते सांगितलं.

तिच्या आईला लग्नाआधी दिवस राहिले होते. नोरा नन्सच्या आश्रमात जन्मली, तिथेच वाढली. तिच्याकडे फक्त आईचं नाव होतं. ते आडनाव कुठल्या जिल्ह्यात सापडतं, हे त्या जाड पुस्तकात होतं. पुढे काही नाही.

माझ्या आईने नोराच्या बशीत आणखी दोन बिस्किटं ठेवली.

मग म्हणाली, "मग तर सातबाराच. बायकांची नावं कोण लिहून ठेवतं? आजोबांना शोध. जमिनीवर नाव असणारच."

हसू नका. सहा महिन्यांच्या पत्रापत्रीनंतर जुन्या जमिनीच्या कागदांत खरंच आजोबा सापडले. गाव सापडलं. तिथल्या पाद्र्याने कळवलं की नोराची आई केव्हाच वारली, पण तिची धाकटी बहीण अजून त्याच घरात आहे, एकटी.

त्या समरला नोरा गेली. परत आली ती दोन फोटो घेऊन. दगडी कुंपण, पांढरं घर, दोरीवर कपडे.

"आणि मावशी?" आईने विचारलं.

"दार वाजवलं नाही."

आई उखडलीच. "एवढं तिकीट काढून गेलीस आणि दार नाही वाजवलंस?"

नोराने पुस्तकांकडे हात केला. "त्यांत सगळा अभिमान आहे. त्या घरासाठी मी लाज आहे."

हे मला मराठीत सांगावं लागलं. सांगताना मला रडू आलं.

शुक्रवारी सुट्टी होती. आईने मला कागद घेऊन बसवलं. नोराला न विचारता.

"लिही. रिस्पेक्टेड मॅडम."

स्थळ सुचवतात तसं पत्र होतं ते. मुलगी सुस्वभावी, निर्व्यसनी, सरकारी नोकरी. माझ्या मुलीला टायफॉइड झाला तेव्हा तीन दिवस उशाशी बसली होती. आणि शेवटी, ती जमिनीत हिस्सा मागणार नाही याची हमी मी देते.

"आई, धिस इज सो एम्बॅरसिंग."

"तू लिही."

तिकडे घरी पोस्टमन येत नाही, म्हणून पत्ता बाबांच्या ऑफिसच्या पीओ बॉक्सचा दिला. दोन महिन्यांनी उत्तर आलं. दोन-तीन ओळी.

'मी तिला खिडकीतून पाहिलं होतं. पुन्हा आली तर फाटकात उभं राहू नये म्हणावं. मागच्या दाराने यावं.'

आई भडकली. "मागच्या दाराने? चोरासारखं? लोकांना दिसू नये म्हणून?" हे पत्र नोराला दाखवायचंच नाही म्हणाली.

बाबा एवढंच म्हणाले, "तिच्यापासून लपवणारे आपण कोण?"

मग आम्ही दोघी गेलो. न विचारता लिहिलं म्हणून आईने माफी मागितली. आई माफी मागते, हे मी पहिल्यांदाच बघत होते.

नोराने पत्र वाचलं. परत वाचलं. उठून जुन्या घरांवरचं एक पुस्तक काढलं, एका पानावर बोट ठेवलं आणि मला म्हणाली, "तुझ्या आईला सांग."

त्या भागात पुढचं दार पाद्र्यासाठी आणि पाहुण्यांसाठी. घरची माणसं मागच्या दाराने ये-जा करतात.

मी सांगितलं. त्या दोघी रडत बसल्या आणि चहा मी केला.

रिटायर झाल्यावर नोरा त्याच घरी राहायला गेली. मावशीचं शेवटपर्यंत सगळं तिने केलं.

काल तिच्या शेजारणीचा ईमेल आला, तसा मी आईला फोन लावला. तिने विचारलं, "कुठे गेली गं? हॉस्पिटलात?"

"नाही. घरीच."

"हां. मग बरं झालं," म्हणाली, आणि रडायला लागली.

नोरा आंटी, आम्हा मायलेकींची तुला भरल्या मनाने श्रद्धांजली.